सुषमा देशपांडे यांच्या रंगकार्याविषयी

प्रश्न: सुषमा देशपांडे यांना मी ‘अज्जी’ (2017) या हिंदी चित्रपटात नातीवरील अत्याचाराचा सूड घेणाऱ्या आजीच्या भूमिकेत पाहिले. त्या नाटककार आणि दिग्दर्शकही आहेत, असे समजले. त्यांचे काम समजून घेण्यास सुरुवात कोठून करावी?

प्रतिसाद 1: ‘व्हय मी सावित्रीबाई’पासून करावी. पत्रकारितेतून आलेल्या सुषमाताईंनी 1989 च्या सुमारास हा एकपात्री प्रयोग स्वतः लिहिला, बसवला आणि सादर केला. त्यात सावित्रीबाई फुले थेट समोर बसलेल्या प्रेक्षकांशी बोलतात; त्यामुळे मोठ्या नेपथ्याची गरज उरत नाही आणि हा प्रयोग नाट्यगृहाबाहेर, खेडोपाडी पोहोचू शकला, हे मला त्यांचे सर्वांत मोलाचे काम वाटते. पुढे शिल्पा साने आणि शुभांगी भुजबळ यांनीही तो सादर केला.

प्रतिसाद 2: सहमत. त्याच्या जोडीला ‘तिच्या आईची गोष्ट अर्थात माझ्या आठवणींचा फड’ अवश्य पाहावे. तमाशातील लावणी कलावंत स्त्रीचे जगणे तिच्याच तोंडून, कोणतीही दया न मागता, येथे उलगडते. संत स्त्रियांवरील ‘बया दार उघड’ही त्याच वाटेवरचे आहे.

प्रश्नकर्ता: मनःपूर्वक आभार. प्रयोगाची जाहिरात दिसल्यास कृपया येथे कळवावे.