वारशाची चित्रे : कलावंताची निवड की कलादालनांची मागणी?

रंगरेषा : ब्रिटन-अमेरिकेतील दक्षिण आशियाई वंशाच्या कलावंतांविषयी लिहिताना समीक्षक आधी फाळणी आणि स्थलांतर शोधतात, आणि रंग, रेषा, अवकाश यांकडे नंतर कधीतरी वळतात, अशी माझी तक्रार आहे. रशीद अराईन 1964 मध्ये कराचीहून लंडनला आले आणि त्याच दशकात त्यांनी जाळीसारख्या भूमितीय शिल्परचना केल्या. त्यांत वारसा सांगण्याचा अट्टहास नव्हता, तरीही ब्रिटिश कलेतिहासाने त्यांची दखल फार उशिरा घेतली. याच अराईन यांनी 1989 मध्ये लंडनच्या हेवर्ड गॅलरीत आफ्रिकी, कॅरिबियन आणि आशियाई वंशाच्या कलावंतांचे ‘द अदर स्टोरी’ हे प्रदर्शन रचले, तेव्हा भारतीय वंशाचे ब्रिटिश शिल्पकार अनिश कपूर यांनी सहभागास नकार दिला. तो नकार मला योग्य वाटतो, कारण वंश हीच पात्रता ठरली की पुढची पिढी मागणीनुसार वारसा पुरवू लागते. मुघल परंपरेतील लघुचित्रांचे पुनरुज्जीवन हे त्याचेच उदाहरण आहे.

ओली शाई : लघुचित्रांविषयीचे आपले विधान इतिहासाला धरून नाही. पाकिस्तानी वंशाच्या चित्रकार शाहजिया सिकंदर यांनी ‘द स्क्रोल’ हे लांबलचक चित्र 1989-90 मध्ये लाहोरच्या नॅशनल कॉलेज ऑफ आर्ट्समध्ये रंगवले, म्हणजे अमेरिकेला जाण्यापूर्वीच. आणि तेव्हा तिथेही ही शैली पर्यटकांना विकण्याजोगी कारागिरी समजली जात होती. इंग्लंडमध्ये वाढलेल्या सिंग भगिनी या जुळ्या चित्रकारांना तर शिक्षकांनीच, ही शैली कालबाह्य आहे असे सांगून, तिच्यापासून परावृत्त करण्याचा प्रयत्न केला. मागणी होती, तर हा विरोध कशासाठी? शिवाय शाहजहानच्या कारकिर्दीचा इतिहास सांगणाऱ्या ‘पादशाहनाम्या’ची लघुचित्रांनी सजलेली प्रत आज विंडसरच्या राजसंग्रहात आहे. वारसा कलावंतांच्या आधीच विलायतेत पोहोचला होता, आणि तोही त्यांना न विचारता!

रंगरेषा : शैलीचा उगम कुठे झाला हा माझा मुद्दाच नाही, बाजाराने पुढे तिचे काय केले, हा आहे. कपूर यांच्या 1979 नंतरच्या काही शिल्पांवर कोरड्या रंगद्रव्याचा थर आहे आणि त्यामागे त्यांची भारतभेट आहे, हे सर्वज्ञात आहे. तरीही ती शिल्पे पाहणाऱ्याकडे त्यांच्या घराण्याची माहिती असावी लागत नाही. वारसा असावा, पण त्याचा दाखला मागितला जाऊ नये.

काठावरचा : कपूर यांचे उदाहरण आपल्या बाजूने फारसे टिकत नाही. 1990 च्या व्हेनिस द्वैवार्षिकीत, म्हणजे दर दोन वर्षांनी भरणाऱ्या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात, ब्रिटनचे प्रतिनिधित्व करणाऱ्या कलावंताला ‘मला या यादीत घेऊ नका’ असे म्हणणे परवडते. ज्यांना मोठ्या कलादालनाचे दार ‘द अदर स्टोरी’मुळेच उघडले, त्यांना ते परवडणारे नव्हते. आणि घराण्याची माहिती नसली तरी चालावी, ही कसोटी सर्वांना का लावायची? ग्लासगोत वाढलेल्या जसलीन कौर यांना 2024 चे टर्नर पारितोषिक हा ब्रिटनमधील समकालीन कलेचा मानाचा पुरस्कार ज्या प्रदर्शनासाठी मिळाला, त्यात लाल फोर्ड एस्कॉर्ट मोटारीवर क्रोशाने विणलेला अवाढव्य रुमाल पसरलेला होता. एवढासा रुमाल मोटारभर मोठा करणे हा आकाराचाच खेळ आहे, आणि शीख कुटुंबाच्या घरातली वस्तू, स्थलांतरितांची मोटार हे संदर्भ त्या खेळापासून वेगळे काढता येत नाहीत. हे संदर्भ वगळून केवळ रंग-रेषा-अवकाश या भाषेत या कलाकृतीचे परीक्षण आपण कसे लिहाल, ते मला वाचायला आवडेल.