मदत हवी आहे : खंबा-थोइबीच्या कथेचा अनुवाद कोठे मिळेल?

नमस्कार मंडळी. मणिपुरातील लोकताक सरोवराकाठच्या मोइरांगमध्ये घडलेली खंबा आणि थोइबी यांची प्रेमकथा मी सध्या अभ्यासत आहे. बहीण खमनूने वाढवलेला पोरका खंबा, राजघराण्यातील थोइबी आणि तिच्यावर हक्क सांगणारा नोंगबान हे त्रिकूट ओळखीचे वाटले, तरी लग्नानंतर पत्नीची निष्ठा पारखण्यासाठी परपुरुषाचे सोंग घेऊन आलेला खंबा तिच्याच भाल्याने मारला जातो आणि सत्य कळताच तीही प्राण देते, हा शेवट मला फार अस्वस्थ करतो.

पेना या तंतुवाद्याच्या साथीने गायक पिढ्यान्पिढ्या गात आलेली ही कथा मणिपुरी कवी हिजाम अंगांघल यांनी महाकाव्यरूपात लिहिली व ते महाकाव्य 1940 मध्ये प्रकाशित झाले. त्याचा मराठी किंवा हिंदी अनुवाद, निदान काही भागांचा तरी, कोणाच्या पाहण्यात आहे का? शिवाय पेनागायक हा शेवट कसा गातात, की तो टाळून विवाहापाशीच थांबतात, हे इंफाळ किंवा मोइरांग येथे राहिलेल्या कोणी ऐकले असल्यास कृपया सविस्तर लिहावे.