प्रोटॅक्टिनियमच्या शोधाचं श्रेय कोणाला?

चौकसबाई:
प्रोटॅक्टिनियम हे किरणोत्सारी मूलद्रव्य, अणुक्रमांक ९१. बहुतेक याद्यांत शोधाचं वर्ष १९१३ आणि शोधक रसायनशास्त्रज्ञ फायान्स व ग्योरिंग. मला हे पटत नाही. जर्मनीत कार्ल्सरूहेला त्यांना सापडलेलं समस्थानिक (त्याच मूलद्रव्याचा वेगळ्या वजनाचा अणू) जेमतेम मिनिटभरात निम्मं होतं. म्हणून तर त्यांनी त्याला ब्रेव्हियम, म्हणजे 'अल्पजीवी', म्हटलं. जवळपास ३३ हजार वर्षं अर्धायुष्य (निम्मं उरायला लागणारा काळ) असलेलं प्रोटॅक्टिनियम-२३१ हुडकलं ते भौतिकशास्त्रज्ञ लीझे माइटनरने, बर्लिनमध्ये, ऐन महायुद्धात. तिचा सहकारी ऑटो हान तेव्हा बहुतेक काळ सैन्यात, विषारी वायूंच्या तुकडीत. पिचब्लेंडचा (युरेनियमच्या खनिजाचा) उरलेला गाळ मिळवण्यापासून मोजमापापर्यंत सगळं बाईंनी ओढलं. आणि १९१८च्या निबंधावर पहिलं नाव कोणाचं? हानचं!

रसायनवाला:
साफ असहमत. ब्रेव्हियम हेही ९१ क्रमांकाचंच. आवर्त सारणीत टँटॅलमखालची जागा मेंडेलीव्हने रिकामी सोडली होती, ती १९१३लाच भरली. अर्धायुष्यावर श्रेय द्यायचं तर प्रयोगशाळेत बनवलेली, सेकंदांत विरणारी सगळी जड मूलद्रव्यं यादीतून काढा. आणि हातात धरण्याजोगं हवं असेल, तर मान रसायनशास्त्रज्ञ आरिस्टिड फॉन ग्रोसेचा. त्याने १९२७मध्ये २ मिलिग्रॅम ऑक्साइड मिळवलं. माइटनरकडे वजन करण्याएवढंही नव्हतं.

पोटमाळा:
रसायनशास्त्रज्ञ सॉडी आणि क्रॅन्स्टन राहिले की! त्यांनीही ब्रिटनमध्ये १९१८च्याच सुमारास स्वतंत्रपणे प्रोटॅक्टिनियम-२३१ शोधलं.

चौकसबाई:
@रसायनवाला, वजनाचा मुद्दा मी काढलाच नव्हता. ॲक्टिनियम हे दुसरं किरणोत्सारी मूलद्रव्य येतं कुठून, हे कोडं होतं. त्याची जननी, म्हणजे जिच्या क्षयातून ते बनतं ते प्रोटॅक्टिनियम-२३१, सापडली, तिचे रासायनिक गुण तपासता आले, हे १९१८चं काम. मिनिटभराच्या पाहुण्याकडून ते कसं कळणार होतं?

रसायनवाला:
कोडं सोडवल्याचं श्रेय घ्या ना, कोण नाही म्हणतंय? मूलद्रव्याचं मागू नका. शिवाय हा शोध दोघांनी युद्धाआधीच सुरू केला होता. हानला अगदीच उपरा ठरवू नका.

तुर्भेकर:
शंभर वर्षांपूर्वीच्या नावांवरून किती भांडाल? आपल्याला काम पडतं ते प्रोटॅक्टिनियम-२३३शी. अणुभट्टीत थोरियमने न्यूट्रॉन गिळला की आधी हे बनतं, मग साधारण २७ दिवसांच्या अर्धायुष्याने त्याचं युरेनियम-२३३ होतं. कल्पाक्कमची कामिनी अणुभट्टी त्याच इंधनावर चालते. मधल्या काळात प्रोटॅक्टिनियमनेच न्यूट्रॉन गिळला तर न्यूट्रॉनही गेला आणि होऊ घातलेलं इंधनही. थोरियमचे गोडवे गाणारे हे सांगत नाहीत.

चौकसबाई:
त्यासाठी वेगळा धागा काढा, मी नक्की येईन. इथे मात्र निबंधावरच्या नावांच्या क्रमाबद्दल अजून कोणी बोललेलं नाही.