फिएरामोस्कावरचा मूकपट सुचवा, वडिलांना दाखवायचाय

रानवारा: इटालियन लेखक दाझेल्योची १८३३ची कादंबरी वाचल्यापासून बाबांना तिचा नायक, इटालियन सरदार एत्तोरे फिएरामोस्का, याचं वेड लागलंय. त्याची लढाई म्हणजे इटलीतल्या बार्लेत्ताचं द्वंद्व, १३ फेब्रुवारी १५०३, तेरा इटालियन स्वार विरुद्ध तेरा फ्रेंच. १९०९ मध्ये त्यावर मूकपट झाला होता, पण मला तो कुठेच मिळेना. तसाच एखादा सुचवा. फुकट हवा आणि अर्ध्या तासाच्या आत संपणारा. बाबा ७८ वर्षांचे आहेत, फार वेळ बसवत नाही.

जुनी_रीळ: डोळे झाकून 'काबिरिया' हा इटालियन मूकपट लावा, १९१४. दोन तास जातील, जाऊ द्या. मी बाहेरून डिस्क मागवली, कस्टम धरून साडेतीन हजार पडले, पण पै न् पै वसूल. मोलोख देवाच्या देवळातला तो नरबळी! कॅमेरा गाड्यावर ठेवून सरकवलाय, त्या काळात!

चंद्रकोर: काबिरियाच. त्यात माचिस्ते हा बलदंड गुलाम झालेला पागानो मूळचा जेनोवाच्या गोदीतला कामगार, माहितीये ना?

सह्यकडा: अहो, ते प्राचीन रोम आणि कार्थेजचं युद्ध. त्यांना सरदार हवाय, अर्ध्या तासात. १९०८चा 'पॉम्पेईचे अखेरचे दिवस' बघा, वीस मिनिटांच्या आत संपतो. सरदार त्यातही नाही, पण शेवटी आंधळी मुलगी निदिया ज्वालामुखीच्या धुरातून वाट दाखवते ते बघाच.

खडूफळा: मी एका विक्रेत्याकडून मूकपटांची स्वस्त डिस्क घेतली. सगळी माणसं तुरुतुरु पळत होती, पैसे पाण्यात. मूकपट सेकंदाला १६ चौकटींनी (फ्रेम्सनी) चालवायचे, २४ने नाही. वेग ०.६७च्या आसपास ठेवा.

जुनी_रीळ: १६ हा काही नियम नव्हता. कॅमेऱ्याचा दांडा हातानं फिरवायचे, वेग कमीजास्त व्हायचाच.

खडूफळा: म्हणून तर म्हणतो, आधी वेग बघा!

चंद्रकोर: कुणी काबिरिया सुचवला का? नसेल तर मी सुचवते.

रानवारा: सगळ्यांचे आभार. पॉम्पेई लावला होता. पाचव्या मिनिटाला बाबा म्हणाले, "यात फिएरामोस्का कुठाय?" शेवटी दिग्दर्शक ब्लासेत्तीचा फिएरामोस्कावरचाच १९३८चा बोलपट लावला, नट जीनो चेर्वी आहे त्यात. दीड तासाचा, इटालियन भाषेत. काही अडलं नाही, कोण कोण आहे ते बाबाच मला सांगत होते. द्वंद्व आलं तसे खुर्चीच्या कडेला येऊन बसले आणि पडलेले फ्रेंच स्वार बोटांवर मोजायला लागले.