चित्रकथी वाचवायची म्हणजे चित्रं की कथा?

रानवाट: कुडाळजवळच्या पिंगुळीतल्या ठाकर समाजाची चित्रकथी, म्हणजे चित्रं दाखवत कथा सांगायची कला, जगली पाहिजे, असं सगळेच म्हणतात. तिथले चित्रकथी कलाकार परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा तर फारच कौतुक झालं. पण आपण जगवतोय काय? दिवाणखान्यात चित्र फ्रेम करून लावलेलं असतं आणि त्यातला प्रसंग कुठला, हे घरच्यांना सांगता येत नाही. मुळात एकटं चित्र म्हणजे चित्रकथी नव्हेच. एका कथेच्या चित्रांची एक पोथी. सांगणारा एकेक पान समोर धरतो, वीणा, टाळ, हुडूक वाजत असतात, पान बदललं की कथा पुढे सरकते. ऐकायला माणसंच नसतील तर आपण नुसता कागद जपतोय.

तळकोकण: "नुसता कागद" म्हणू नका, राग येतो. सावंतवाडी संस्थानाचा आश्रय गेल्यावर या लोकांनी खायचं काय? गंगावण्यांनी स्वतःच्या गोठ्याचं संग्रहालय केलं. लोक चित्रं बघायला येतात, म्हणून कथेपाशी थांबतात. चित्रं खपली नाहीत तर पोरं गोव्याला नोकरीला जातील.

जुनी पोथी: मी रानवाटशी सहमत. जीर्ण पोथी पाण्यात सोडायची रीत होती. म्हणजे ठेवा कागदात नव्हताच, पाठांतरात होता. अहिरावण-महिरावण वाल्मीकी रामायणात नाहीत, तरी ते आपल्याला ठाऊक आहेत. सांगणाऱ्यांनीच ते पिढ्यान्‌पिढ्या जागते ठेवले.

तळकोकण: आणि त्याच रीतीपायी गेलं किती, त्याचा हिशेब कोण देणार? पुण्याच्या केळकर संग्रहालयात जुनी चित्रं राहिली, म्हणून आज ती डोळ्यांनी बघता तरी येतात. पाठांतर असलेला म्हातारा गेला की कथाही गेली. आधी रेकॉर्डिंग करा.

रानवाट: करा की. पण नातवाने आजोबांचं रेकॉर्डिंगच शब्दन्‌शब्द घोकलं तर कथा तिथेच थिजेल. जाणता सांगणारा समोरच्यांचे चेहरे बघून युद्ध लांबवतो, विलाप आवरतो. ते अंगात मुरायला बैठकी लागतात. गणेशोत्सवात मंडळांनी एक रात्र अख्ख्या कथेला द्यावी, बिदागी ऑर्केस्ट्राइतकीच.

तळकोकण: बिदागीला माझा पूर्ण पाठिंबा. पण मंडळं पुढे येईपर्यंत चित्र विकत घेणाऱ्याला नावं ठेवू नका, चूल त्याच्याच पैशावर पेटतेय.