कार्मेन माउरा: आल्मोदोवारची नायिका की स्वतःच्या बळावरची?

तिसरी घंटा:
स्पॅनिश नटी कार्मेन माउराचं नाव काढलं की पुढचं वाक्य ठरलेलं, "ती आल्मोदोवारची ना?" जणू बाईचं सासरच ते! मला तर गोष्ट उलटी वाटते. माद्रिदच्या लॉस गोलिआर्दोस नाटकमंडळीत दोघं भेटले तेव्हा हा पुढचा नामवंत दिग्दर्शक पेद्रो आल्मोदोवार टेलिफोन कंपनीत कारकुनी करायचा. त्याचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट 'पेपी, लुसी, बोम' (१९८०) सवडीसवडीने, सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रित झाला. त्यासाठी ओळखीपाळखीतून पैसे उभे करायला हिने आणि फेलिक्स रोताएता या नटाने मदत केली. मग कोणी कोणाला घडवलं?

दुसऱ्या दिग्दर्शकाचा, कार्लोस साउराचा, 'आय, कार्मेला!' (१९९०) बघा. स्पेनच्या यादवी युद्धात फिरता कार्यक्रम करणारी कलावंतीण पुढे हुकूमशहा झालेल्या फ्रँकोच्या बाजूच्या सैन्याच्या हाती लागते आणि त्यांच्यासमोर प्रयोग करायची वेळ येते. फ्रँकोविरुद्ध लढलेले, मरणाच्या दारातले पोलिश कैदीही तिथे आणून बसवलेले. जीव वाचवायला हो ला हो म्हणणारी ही बाई रंगमंचावर हळूहळू हट्टाला पेटते, आणि तो बदल माउरा संवादांच्या आधी चेहऱ्यावर आणते. दहा वर्षांनी आलेक्स दे ला इग्लेसियाच्या 'ला कोमुनिदाद'मध्ये ती घरं विकणारी एजंट. मेलेल्या म्हाताऱ्याच्या घरात तीस कोटी पेसेता (स्पेनचं जुनं चलन) सापडतात आणि अख्खी बिल्डिंग तिच्या जिवावर उठते. दोन्ही भूमिकांना गोया, म्हणजे स्पेनचा मानाचा चित्रपट पुरस्कार.

मॅटिनीवाला:
असहमत. तिचे गोया एकूण चार, उरलेले दोन आल्मोदोवारच्याच चित्रपटांचे, ते तुम्ही सोयीस्कर गाळलंत. पैसे जमवणं वेगळं आणि भूमिका लिहिणं वेगळं. त्याच्या १९८४ च्या 'के ए एचो यो पारा मेरेसेर एस्तो'मधली ग्लोरिया आठवा. हमरस्त्याला खेटून असलेल्या बिल्डिंगमधलं कोंदट घर, लोकांकडे साफसफाई, दिवस निभावायला गोळ्या, आणि शेवटी नवऱ्याच्या डोक्यात डुकराची खारवलेली तंगडी! अशी बाई तिच्यासाठी दुसऱ्या कोणी लिहिली? १९८८ च्या 'मुखेरेस आल बोर्दे'नंतर दोघांचं बिनसलं ते २००६ च्या 'व्होल्व्हेर'पर्यंत. मधल्या अठरा वर्षांतून तुम्हाला दोनच नावं सुचली.

चिंगी:
माझा मुद्दा वेगळा. आल्मोदोवारच्याच 'ला लेय देल देसेओ'मधली (१९८७) तिची टीना ही ट्रान्स स्त्री. उकाड्याच्या रात्री ती रस्ता धुणाऱ्या माणसाला माझ्यावरच पाणी मार म्हणते, तो प्रसंग अफाटच. पण त्याच चित्रपटात बीबी आंदेर्सेन ही खरोखरची ट्रान्स नटी होती, आणि तिला मिळाली एका मुलीच्या आईची छोटी भूमिका. मग 'माउरा किती अष्टपैलू' म्हणताना ती संधी कोणाला नाकारली गेली, हेही बोलायला हवं.

तिसरी घंटा:
@चिंगी, भूमिका कोणाला द्यायची हे दिग्दर्शकाने ठरवलं. शिवाय ट्रान्स नटीला फक्त ट्रान्स भूमिका न देता सरळ एक आई म्हणून उभं करणं हे १९८७ मध्ये मला तरी धाडसाचं वाटतं.

चिंगी:
धाडस आहेच. पण मोठी भूमिका ती मोठी भूमिका.

मॅटिनीवाला:
विषय भरकटतोय. 'व्होल्व्हेर'मध्ये सगळ्यांनी मेली असं धरलेली आई गाडीच्या डिकीतून निघते आणि लेकीच्या पार्लरमध्ये रशियन बाई म्हणून वावरते. हे सोंग माउराच करू जाणे, शंकाच नाही. पण पुन्हा लेखणी त्याचीच. २०१२ चा सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला तो 'ले फाम द्यु सिझिएम एताज' (सहाव्या मजल्यावरच्या बायका) या चित्रपटासाठी, आणि तिथेही काय? साठच्या दशकातल्या पॅरिसमधली स्पॅनिश मोलकरीण. म्हणजे परदेशातही तोच साचा!

तिसरी घंटा:
साचा? ग्लोरिया आणि ही पॅरिसमधली मोलकरीण कोन्सेप्सिओन, दोघी परक्यांची घरं पुसतात, इथवर ठीक. पण ग्लोरियाला घरात कोणी विचारत नाही, आणि कोन्सेप्सिओन परक्या भाषेत अख्खा सहावा मजला हलवून सोडते. एका ओळीवरून दोन बाया उभ्या केल्या, त्याही दोन भाषांत. त्यातल्या दुसरीशी आल्मोदोवारचा काडीचा संबंध नाही.