मालिकांमधली वऱ्हाडी: 'मले-तुले' टाकलं की झाली का बोली?

कापूसकोंडा:
मराठी मालिकेत विदर्भातलं पात्र आलं की पहिल्या पाच मिनिटांत तीन गोष्टी कानावर पडतात: 'मले', 'काहून बे' आणि वाक्याच्या शेपटाला 'बाप्पा'. उरलेलं सगळं वाक्य पुस्तकी व्याकरणाचं. माझं मत असं, की यापेक्षा त्या पात्राला सरळ प्रमाण मराठीत बोलू द्यावं. बोली तिच्या व्याकरणात असते. शब्द वरून भुरभुरले की नक्कल तेवढी उरते.

चुकतं कुठे ते सांगतो. 'करून राहिला' ही रचना चालू असलेल्या क्रियेची. 'तो जेवून राहिला' म्हणजे आत्ता ताटावर बसला आहे. रोजच्या सवयीला ती लागत नाही. 'मी रोज शाळेत जाऊन राहिलो' असं अकोल्यात कोणी म्हणणार नाही, तिथे साधं 'जातो' येतं. मालिकेत मात्र प्रत्येक क्रियापदामागे 'राहिलो' चिकटवतात.

दुसरी चूक 'जो'ची. 'ये' म्हणजे आत्ता ये. 'येजो' म्हणजे नंतर ये. 'उद्या येजो', 'पोचल्यावर फोन करजो' अशी ती पुढच्या काळासाठीची सांगणी आहे. अनेकांना किंवा मानाने सांगायचं तर 'येजा', 'करजा'. दारात उभ्या पाहुण्याला 'येजो आत' म्हणणं म्हणजे त्याला परत पाठवून पुन्हा कधीतरी बोलावणं.

तिसरी 'बे'ची. हा नागपूरकडचा, बरोबरीच्या मित्राला लावायचा शब्द. वडिलांच्या वयाच्या माणसाला 'काय बे' म्हणणारं पोट्टं घरी मार खाईल. मोठ्या माणसाशी 'गा' येतो, 'जी' येतो. हे दोन्ही मला मालिकांत जवळजवळ ऐकू येत नाहीत.

आणि ही बोली मिळते कोणाला? घरगड्याला, हवालदाराला, नाहीतर फास लावून घेणाऱ्या शेतकऱ्याला. त्याच मालिकेतला विदर्भातला डॉक्टर प्रमाण बोलतो.

संवादवही:
बोलीच्या चुका मान्य, उपाय अमान्य. दैनंदिन मालिका कशी लिहिली जाते हे आधी पाहा. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळून वीस-बावीस मिनिटं उरतात. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे, आणि पानं कित्येकदा चित्रीकरणाच्या दिवशीच सेटवर पोचतात. प्रेक्षक मालिका 'ऐकतो' जास्त. पोळ्या लाटताना, भाजी निवडताना. खाली अक्षरं वाचायला तो बसलेला नसतो. सांगलीच्या आजींना 'डोया' म्हणजे डोळा हे दर वाक्याला ताडावं लागलं तर त्या दुसरी वाहिनी लावतील.

म्हणून आम्ही मालिका लिहिणारे बोली पातळ करतो. दोन-तीन खुणा निवडायच्या आणि त्या कलाकाराला शेवटपर्यंत पेलता आल्या पाहिजेत. तुमच्या हट्टाने झालं तर निर्माते म्हणतील, 'मग विदर्भ नकोच.' पात्र पुण्याचं होईल. ते तुम्हाला चालेल?

कापूसकोंडा:
पातळ करा, पण पातळ करणं म्हणजे चुकीचं करणं नव्हे. खुणा तीनच घ्यायच्या असतील तर कोणाला न अडवणाऱ्या घ्या. 'मले, तुले, त्याले' हा 'ले' सांगलीला लगेच कळतो. चालू क्रियेपुरतं 'करून राहिला' कळतं. 'गेलता, आलता' कळतं. 'ळ'चा 'य' सोडून दिलात तरी माझी तक्रार नाही. पण धरलात तर कारणाने धरा. तोच माणूस घरात 'काया' म्हणतो आणि तहसीलदारासमोर 'काळा' म्हणतो, कारण समोरचा बदलला. मालिकेत समोर तीच बायको असते आणि एका वाक्यात 'डोया', पुढच्यात 'डोळे'. कलाकाराची जीभ घसरली आणि कोणी थांबवलं नाही, एवढंच ते असतं.

वैनगंगाकाठ:
तुम्ही दोघंही 'विदर्भ' म्हणता आणि बोलता वऱ्हाडाबद्दल. अमरावती विभागातले पाच जिल्हे म्हणजे वऱ्हाड. नागपूर विभागात सहा, आणि त्यातल्या भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीच्या पट्ट्यात झाडीबोली आहे. अकोल्याचा 'डोया' आमच्याकडे 'डोरा' होतो, 'ण'चा 'न' होतो. गडचिरोलीच्या पात्राला कापसाच्या शेतात उभं करून वऱ्हाडी बोलायला लावतात. आमचा मुलूख धानाचा, तळ्यांचा. खुद्द नागपूर 1956 पर्यंत मध्य प्रदेशाची राजधानी होतं. तिथल्या मराठीशेजारी हिंदी घरच्यासारखी नांदते, ती कोणत्याच मराठी मालिकेत दिसत नाही. 2022 च्या 'झुंड' या हिंदी चित्रपटात नागपूरच्या वस्तीतली पोरं त्यांच्या हिंदीत बोलली तेव्हा ते शहर ओळखू आलं.

आता बोली कोणाला मिळते या कापूसकोंडा यांच्या मुद्द्याला विरोध. बोली विनोदी पात्राला देणं मुंबईने शोधलेलं नाही. कोकणात दशावतार बघा: राजा आणि देव भारदस्त संस्कृतप्रचुर मराठीत बोलतात, हसवणारा संकासुर मालवणीत. आमच्या झाडीपट्टी रंगभूमीवरही बऱ्याच नाटकांत नायक-नायिका प्रमाण बोलतात आणि गावरान बोली हशा घेणाऱ्याच्या वाट्याला येते. वडसा-देसाईगंजच्या कंपन्या दिवाळीनंतर बाहेर पडतात, होळीपर्यंत गावोगाव रात्रभर नाटक चालतं, हजारो माणसं तिकीट काढून बसतात, आणि त्यांना हे खटकत नाही. मग दोष फक्त वाहिन्यांचा कसा?

कापूसकोंडा:
झाडीचं मी गाळलं, चूक माझी. पण दशावताराचा दाखला इथे लागू होत नाही. तिथे देवही गावचा आणि संकासुरही गावचा. बघणारे मालवणी, करणारे मालवणी; आपलीच माणसं आपल्यातल्याच एकावर हसतात. शिवाय संकासुराला हजरजबाबी असावंच लागतं, संवाद लिहिलेले नसतात. मालिकेत मात्र बाकी सगळे प्रमाण बोलतात आणि एकटा वऱ्हाडी बोलतो, तेव्हा हसण्याचं कारण त्याची बोलीच ठरते.

रंकाळा:
कोल्हापूरकडून भर घालतो. आमच्याकडे बाई स्वतःबद्दल 'मी आलो', 'मी जातो' असं सर्रास म्हणते. मालिकेच्या सेटवर हे 'चूक' म्हणून सुधारलं जातं आणि तिच्या तोंडी 'आले', 'जाते' येतं. त्याच वेळी पुरुष पात्राला दर वाक्याला 'भावा' आणि 'नाद खुळा' असतोच. म्हणजे खरी खूण पुसायची आणि टी-शर्टवर छापतात ती ठेवायची.

संवादवही, प्रेक्षकाला कळत नाही हे मला पटत नाही. 2016 चा 'सैराट' करमाळ्याच्या बोलीत होता, मुख्य जोडी नवखी होती, आणि तो राज्यभर चालला. त्याआधी 1980 पासून 'वस्त्रहरण' नाटक मालवणीतच होतं; मुंबईत ते बघणारे सगळे मालवणी नव्हते.

संवादवही:
सिनेमा दोन-तीन तासांचा, त्याची तयारी महिनोन्महिने चालते. त्याची तुलना आठवड्याला सहा भागांशी करू नका. 'वस्त्रहरण' तर प्रयोगागणिक घोटलं गेलं. दुसरं असं, की 'सैराट'मध्ये सगळं गाव एकच बोली बोलतं, त्यामुळे कान दहा मिनिटांत सरावतो. मालिकेत पात्रं चार ठिकाणची असतात. हाच माझा मुद्दा आहे.

कापूसकोंडा:
हाच माझाही मुद्दा आहे. सगळं घर वऱ्हाडी बोलू द्या, कान सरावेल.

पाटवडी:
बोलीच्या पलीकडे एक. संवाद तपासायला देता तशी वस्तूंची यादीही द्या. नागपुरात 'सांबार' म्हणजे कोथिंबीर. सांबारवडी ही कोथिंबिरीचं सारण भरून तळलेली वडी. एका प्रसंगात ती इडलीच्या सांबाराशी जोडलेली पाहिली. सावजी रस्सा लालभडक दाखवतात, तो काळपट असतो, मसाला भाजलेला असतो म्हणून. ऐन पेरणीच्या प्रसंगात मागे पांढराफटक फुटलेला कापूस असतो. जूनमध्ये पेरलेली सरकी बोंडं फुटून वेचणीला यायला ऑक्टोबर-नोव्हेंबर उजाडतो. आणि कोणीतरी लेखकांना सांगा, की 'वऱ्हाड निघालंय लंडनला' या नाटकातलं वऱ्हाड लग्नाचं आहे, बोली मराठवाड्याची. ते पाठ करून वऱ्हाडी येत नाही.

संवादवही:
यादीचं मान्य, हे जमण्यासारखं आहे. बोलीसाठी करता येईल ते इतकंच: संवाद प्रमाणात लिहायचे, आदल्या रात्री त्या जिल्ह्यातल्या नाट्यकलावंताकडून मोबाइलवर वाचून घ्यायचे आणि कलाकाराला ते कानाने पाठ करायला लावायचं. कागदावर 'करून राहिला' लिहिता येतं, त्याची चाल लिहिता येत नाही. पण सगळं घर वऱ्हाडी बोलेल हे मी कबूल करणार नाही. आजी-आजोबा पूर्ण, मधली पिढी मिसळ, कॉलेजातली मुलगी घराबाहेर प्रमाण.

वैनगंगाकाठ:
आणि ती मुलगी घरी आजीशी फोनवर बोलताना? तिथे तिची बोली पालटायलाच हवी. तो प्रसंग लिहा.